वाचक विचारतात : पीएसपीवरचे स्क्वेअर एनिक्सचे खेळ ठेवावेत की देऊन टाकावेत?

प्रश्न : आमचा मुलगा नोकरीनिमित्त बंगळुरूला असतो. दिवाळीच्या आवराआवरीत त्याच्या कपाटात हातात धरून खेळायचे जुने पीएसपी यंत्र आणि एका बुटाच्या खोक्यात नऊ छोट्या चकत्या सापडल्या. फोनवर विचारले, तर तो म्हणाला, ''आई, ते स्क्वेअर एनिक्सचे गेम आहेत, भंगारात घालू नकोस.'' माझा तेरा वर्षांचा भाचा मात्र म्हणतो की हे सगळे आता नव्या यंत्रांवर मिळते, त्यामुळे हा नुसता पसारा आहे. चकत्यांवरची नावे अशी : क्रायसिस कोअर, डिसिडिया, डिसिडिया ०१२, फायनल फँटसी पहिला, फायनल फँटसी चौथा (कम्प्लीट कलेक्शन), फायनल फँटसी टॅक्टिक्स, बर्थ बाय स्लीप, स्टार ओशन आणि द थर्ड बर्थडे. कोणाचे ऐकू?
— एक वाचिका, लोकमान्य नगर, इंदूर

उत्तर : ताई, दोघांचेही अर्धे-अर्धे बरोबर आहे. तुमच्या खोक्यातल्या काही चकत्या उद्या कुणाला दिल्यात तरी काही बिघडणार नाही, पण काहींमध्ये असा मजकूर आहे जो नंतरच्या आवृत्त्यांतून गळला, आणि तो अजूनही त्या चकतीतच पाहावा लागतो. कोणती चकती कुठल्या गटातली हे सांगण्याआधी थोडी पार्श्वभूमी देतो, कारण तिच्याशिवाय पुढचे नीट उमगणार नाही.

सोनीचा पीएसपी जपानमध्ये १२ डिसेंबर २००४ रोजी आला आणि २०१४ मध्ये त्याचा पुरवठा थांबला. त्याआधी, १ एप्रिल २००३ रोजी, स्क्वेअर आणि एनिक्स या दोन जपानी कंपन्या एक झाल्या होत्या. या जोड-कंपनीने हातातल्या यंत्रांसाठी आपल्या घरातली भांडी दोन चुलींवर वाटून ठेवली होती असे म्हणता येईल : ड्रॅगन क्वेस्टची मुख्य मालिका निन्टेन्डोच्या डीएसकडे गेली (तिचा नववा भाग २००९ मध्ये डीएसवरच निघाला) आणि फायनल फँटसी या दुसऱ्या मालिकेच्या उपकथा, पूर्वकथा व जुन्या भागांच्या सुधारित आवृत्त्या पीएसपीच्या वाट्याला आल्या. म्हणूनच तुमच्या खोक्यातल्या नावांपैकी निम्म्याहून अधिक फायनल फँटसीच्या गोतावळ्यातली आहेत.

आता मुख्य मुद्दा. आपल्याकडे जुन्या ग्रंथाची 'सुधारित आवृत्ती' निघते, कागद पांढरा असतो, टंक मोठा असतो, आणि घरी आणून उघडल्यावर कळते की मागच्या आवृत्तीतली शंभर पानांची परिशिष्टे गाळली आहेत. स्क्वेअर एनिक्सने पीएसपीसाठी जुने खेळ नव्याने काढले तेव्हा त्यांत बरीच परिशिष्टे जोडली, आणि पुढे तेच खेळ मोठ्या पडद्यासाठी पुन्हा काढताना अनेकदा पीएसपीची आवृत्ती बाजूला ठेवून मूळ खेळापासूनच सुरुवात केली. तुमच्या भाच्याने दुकानात खेळाचे नाव पाहिले, आतली अनुक्रमणिका पाहिली नाही, एवढाच त्याचा दोष.

फायनल फँटसी टॅक्टिक्सचे उदाहरण यात सर्वांत बोलके आहे. मूळ खेळ १९९७ चा, पहिल्या प्लेस्टेशनवरचा. पीएसपीवर तो २००७ मध्ये 'द वॉर ऑफ द लायन्स' या जोडनावाने आला. त्यात इंग्रजी संहिता पूर्णपणे नव्याने, काहीशा जुन्या वळणाच्या भाषेत लिहिली गेली, डार्क नाइट आणि अनियन नाइट असे दोन नवे पेशे आले, आणि फायनल फँटसीच्या बाराव्या भागातला बाल्थिअर पाहुणा म्हणून दाखल झाला. याच खेळाची नवी आवृत्ती ३० सप्टेंबर २०२५ रोजी 'दि इव्हॅलिस क्रॉनिकल्स' या नावाने निघाली. ती देखणी आहे, तिच्यात पात्रे बोलतात, आणि मला ती मनापासून आवडली, पण डार्क नाइट, अनियन नाइट आणि बाल्थिअर यांपैकी कोणीही तिच्यात नाही. तेव्हा ही चकती ठेवावी. एक उणीव मात्र प्रामाणिकपणे सांगायला हवी : पीएसपीवर मंत्र टाकला की दृश्य रेंगाळू लागते, जणू शिवाजी महाराजांचा पोवाडा कोणी अर्ध्या गतीने लावला आहे. मोबाइलवर आलेल्या याच आवृत्तीत हा दोष दूर झाला आणि वाढीव मजकूरही शाबूत राहिला, त्यामुळे ज्यांना केवळ खेळायचे आहे त्यांना तो मार्ग सोयीचा ठरतो.

फायनल फँटसीचा पहिला भाग मूळचा १९८७ चा. पीएसपीची आवृत्ती २००७ मध्ये, विसाव्या वर्षानिमित्त निघाली. २०२१ पासून त्याची 'पिक्सेल रिमास्टर' आवृत्ती मिळू लागली आणि भाचा बहुधा तीच पाहून बोलत असावा. तिचे संगीत सुरेख आहे यात शंका नाही. परंतु पीएसपीच्या चकतीत 'लॅबिरिन्थ ऑफ टाइम' नावाचे एक स्वतंत्र भुयार आहे, आणि त्याआधीच्या आवृत्तीतली चार वाढीव भुयारेही आहेत, आणि पिक्सेल रिमास्टरमध्ये यांतले एकही नाही. हे भुयार उत्तम आहे असे मी म्हणणार नाही. घड्याळ लावून कोडी सोडवायला लावणारा तो प्रकार मला कंटाळवाणाच वाटला. ज्याला संग्रह करायचा आहे त्याने ठेवावे, इतरांनी देऊन टाकावे.

चौथ्या भागाची गोष्ट वेगळी आहे आणि तिथे मी अजिबात तडजोड सुचवणार नाही. २०११ मध्ये आलेल्या या 'कम्प्लीट कलेक्शन'मध्ये तीन गोष्टी एकत्र आहेत : मूळ खेळ, 'दि आफ्टर यिअर्स' ही पुढच्या पिढीची कथा, जी २००८ मध्ये जपानमधल्या मोबाइल फोनसाठी भागाभागाने निघाली होती, आणि या दोहोंना जोडणारा 'इंटरल्यूड' नावाचा छोटा दुवा. हा दुवा याच संग्रहासाठी लिहिला गेला. लांबीने तो दोन-तीन तासांचा आहे आणि एकटा वाचला तर फार भव्यही नाही, पण आधीच्या आणि नंतरच्या कथेतली फट तोच बुजवतो. शिवाय या संग्रहातली द्विमित चित्रे इतकी नेटकी रेखाटली आहेत की साडेचार इंचांहूनही लहान पडद्यावर सैनिकाच्या खांद्यावरच्या झालरीसुद्धा वेगळ्या दिसतात. खोक्यातली एकच चकती ठेवायची झाली, तर माझे मत हिलाच.

दोन डिसिडिया आहेत, त्यांपैकी दुसरी ठेवली तरी पुरते. पहिली जपानमध्ये डिसेंबर २००८ मध्ये आली. फायनल फँटसीच्या पहिल्या दहा भागांतला एकेक नायक आणि एकेक खलनायक, शिवाय दोन लपलेली पात्रे, असे बावीस जण तीत आपसांत लढतात. लढतीची रीत चतुर आहे : आधी प्रतिस्पर्ध्याचे 'धैर्य' हिरावून स्वतःचे वाढवायचे आणि मग तेवढ्याच आकड्याचा घाव त्याच्या जीवावर घालायचा, म्हणजे घाई करणारा खेळाडू हमखास हरतो. २०११ च्या ०१२ मध्ये लायटनिंग, टिफा, युना, केन यांसारखी नवी पात्रे आली, आणि मुख्य म्हणजे पहिल्या खेळाची कथाही तिच्यातच सामावून घेतली गेली. 'डिसिडिया एनटी' या नावाने २०१८ मध्ये प्लेस्टेशन ४ वर आलेला खेळ म्हणजे हीच गोष्ट असे कोणी सांगितले, तर ते खरे मानू नये. तो तीन विरुद्ध तीन अशा लढतींचा निराळा खेळ आहे. पीएसपीवरच्या या दोन डिसिडियांची नव्या यंत्रांसाठी आवृत्ती निघालेली नाही.

याच संदर्भात एक कळकळीची विनंती. यंत्राच्या डाव्या कडेला मेमरी स्टिकचे झाकण असते. आतली पट्टी पुसून कुणाला देण्याआधी 'गेम' या सदराखालची 'सेव्ह्ड डेटा युटिलिटी' उघडून पाहा. त्या यादीत 'डिसिडिया ०१२ प्रोलॉगस' असे नाव दिसले, तर ते जपून ठेवा. मुख्य खेळाआधी ही छोटी पूर्वपीठिका केवळ डाउनलोड करून मिळत असे, आणि तिची नोंद मेमरी स्टिकवर असेल तरच मुख्य खेळात एरिथ हे पात्र मदतनीस म्हणून मिळते. पीएसपीवरून खरेदी करण्याची उरलीसुरली सोयही २ जुलै २०२१ पासून बंद झाली, त्यामुळे आज त्या यंत्रावरून ती नव्याने विकत घेता येत नाही. तुमच्या मुलाच्या त्या नखाएवढ्या पट्टीवर कदाचित खोक्यातल्या चकत्यांपेक्षा दुर्मीळ गोष्ट असेल. पट्टीची नक्कल काढणे सोपे आहे : जुन्या कॅमेऱ्यांना लागे तशी मिनी-यूएसबी तार लावून यंत्र संगणकाला जोडावे, 'यूएसबी कनेक्शन' निवडावे आणि पीएसपी नावाच्या फोल्डरमधले 'सेव्हडेटा' फोल्डर जसेच्या तसे उचलून ठेवावे.

उरलेल्यांबद्दल थोडक्यात. क्रायसिस कोअर निःशंक द्यावा. डिसेंबर २०२२ मध्ये आलेली 'रियुनियन' आवृत्ती मूळ खेळातले जवळपास सगळे घेऊन आली आहे आणि लढाईच्या मध्येच चक्र फिरवून खेळ अडवणारी जुनी खोडही तिने सौम्य केली. इंग्रजी आवाज तेवढे बदलले. बर्थ बाय स्लीपही द्यावा, कारण २०१४ पासून निघालेल्या 'किंग्डम हार्ट्स' या त्याच्या मालिकेच्या संग्रहांत त्याची वाढीव 'फायनल मिक्स' आवृत्ती आहे, जी पीएसपीवर जपानबाहेर कधी आलीच नाही. शेजारी बसून दोन यंत्रांवर एकत्र खेळण्याची सोय मात्र त्या संग्रहांत नाही. स्टार ओशनचा पहिला भाग २०१९ मध्ये पुन्हा आला आहे. द थर्ड बर्थडे पुन्हा आलेला नाही, आणि मरणाऱ्या सैनिकाच्या देहातून दुसऱ्या सैनिकाच्या देहात उडी घेण्याची त्याची कल्पना फार बुद्धिमान आहे, पण कथा शेवटाकडे पार कोलमडते आणि खेळ तेरा वर्षांच्या मुलाच्या हाती देण्याजोगाही नाही. तो मुलासाठी बाजूला ठेवा, भाच्याला देऊ नका.

आणखी एक गोष्ट आजच करा. यंत्र पालथे करून पाठीचे झाकण बोटांनी चाचपून पाहा. ते मधोमध फुगलेले वाटले किंवा कडेला फट दिसली, तर आतली बॅटरी फुगली आहे. तिला टोचू नये, दाबू नये, हळूच काढून टाकावी. यंत्र बॅटरीविना थेट चार्जरवरही चालते, त्यामुळे खेळ अडत नाही. आपल्या इंदुरात कचरागाडीत ई-कचऱ्याचा कप्पा निराळा असतो, त्यातच ती द्यावी, सुक्या कचऱ्यात घालू नये. माझ्या स्वतःच्या यंत्राच्या बाबतीत मी शहरातल्या एका दुकानातून नवी बॅटरी आणली होती. मूळ बॅटरीवर १२०० मिलीअँपिअर-तास असा आकडा होता आणि नव्या बॅटरीवर, त्याच आकाराच्या डबीवर, ३६०० असा. तिप्पट मिळाले म्हणून मी खूश झालो. पाऊण तासात यंत्र बंद पडले आणि सहा महिन्यांत झाकण बसेना. एकाच आकाराच्या डबीत तिप्पट वीज मावत नाही, हे शाळेत शिकलेले मी दुकानात विसरलो.


प्रश्न : मी जेल रोडवरून जुना पीएसपी गो विकत घेतला, तो केवळ क्रायसिस कोअर खेळण्यासाठी. आता कळते की त्यात चकती घालायला जागाच नाही. यंत्रातल्या दुकानातून हा खेळ मिळवता येईल का?
— एक वाचक, राजेंद्र नगर, इंदूर

उत्तर : नाही, आणि हे दुकान सुरू होते तेव्हाही मिळाला नसता. पीएसपी गो २००९ मध्ये आला तो चकतीचा कप्पा पूर्णपणे वगळून. त्यात १६ गिगाबाइटची अंतर्गत साठवण आहे आणि खेळ केवळ डाउनलोड करूनच घालता येतात. क्रायसिस कोअर मात्र पीएसपीसाठी कधीही डाउनलोड स्वरूपात विकला गेला नाही. बर्थ बाय स्लीपचेही तसेच. म्हणजे स्क्वेअर एनिक्सचे त्या यंत्रावरचे दोन सर्वांत गाजलेले खेळ कंपनीच्या साथीदारानेच काढलेल्या नव्या यंत्रावर चालत नव्हते, आणि या विसंगतीची गंमत तेव्हाही कुणाला फारशी वाटली नव्हती. तुमच्याकडे स्विच, प्लेस्टेशन ४ किंवा ५, एक्सबॉक्स अथवा बऱ्यापैकी संगणक असेल, तर 'रियुनियन' घ्यावे. नसेल, तर पीएसपी गो विकून त्याच पैशांत चकतीचा कप्पा असलेले २००० किंवा ३००० क्रमांकाचे यंत्र घेणे शहाणपणाचे. मॉडेलचा क्रमांक यंत्रावरच छापलेला असतो. १००० क्रमांकाचे पहिले यंत्र स्वस्त पडते, पण त्याची स्मृती ३२ मेगाबाइट आहे आणि नंतरच्यांची ६४, त्यामुळे चकतीवरून मजकूर येण्याची वाट पाहण्याचा काळ नंतरच्या यंत्रांवर बऱ्याच खेळांत कमी होतो.

विकत घेताना दुकानदाराला चकती घालून खेळ सुरू करून दाखवायला सांगा. कप्पा लागल्यावर बारीक घरघर ऐकू येते आणि मग थांबून पुन्हा येते, हे ठीक आहे. सारखी टकटक येत राहिली आणि पडद्यावर खेळाचे चित्र उमटलेच नाही, तर भिंगावर धूळ आहे किंवा ते थकले आहे. चकतीही तपासा. सहा सेंटिमीटरची ही तबकडी प्लॅस्टिकच्या दोन पाळ्यांत बंद असते आणि पारदर्शक पाळीचा चिकटलेला काठ जुनेपणाने सुटतो. असे झाले तर ती यंत्रात ढकलू नये, सुटलेली पाळी आत अडकते.


प्रश्न : माझा चुलतभाऊ टोकियोहून येणार आहे. फायनल फँटसी टाइप-० ची जपानी चकती आणायला सांगू का? आपल्याकडच्या पीएसपीवर ती चालेल का?
— एक वाचक, तिलक नगर, इंदूर

उत्तर : चालेल. पीएसपीच्या खेळांना देशाचे बंधन नव्हते. चित्रपटांच्या चकत्यांना होते, म्हणून हा गैरसमज पसरला. पण एक चकती नव्हे, दोन आणायला सांगाव्या लागतील, कारण हा खेळ दोन चकत्यांत विभागलेला आहे.

तरीही न आणण्याचा सल्ला देईन. २००६ मध्ये हा खेळ 'फायनल फँटसी ॲजिटो थर्टीन' या नावाने मोबाइल फोनसाठी जाहीर झाला, २००८ मध्ये तो पीएसपीकडे वळवला गेला, २०११ मध्ये नाव बदलले आणि त्याच वर्षी २७ ऑक्टोबर रोजी तो जपानमध्ये आला. पीएसपीवर तो जपानबाहेर कधीच निघाला नाही. युद्ध, राजकारण आणि शाळकरी सैनिकांचा मृत्यू यांनी भरलेली त्याची कथा जपानी वाचता आल्याशिवाय हाती लागत नाही, आणि चौदा विद्यार्थ्यांपैकी कोण का रडतो आहे हे कळले नाही, तर उरते ती केवळ धावपळ. मार्च २०१५ मध्ये प्लेस्टेशन ४ आणि एक्सबॉक्स वनवर त्याची इंग्रजी आवृत्ती आली. तीत मित्रांसोबत खेळण्याची पीएसपीवरची सोय काढून टाकली आहे, आणि कॅमेरा वळला की चित्र इतके पुसट होते की माझे डोके दुखले. तरी कथा कळते. भावाकडून या चकत्यांऐवजी बर्थ बाय स्लीपची जपानी 'फायनल मिक्स' मागवावी असे कुणी सुचवेल, तर त्यालाही नकार द्या. ती इंग्रजीत सहज मिळते.

जपानी चकती आणलीच, तर एक लक्षात ठेवा. जपानी, युरोपी आणि अमेरिकी चकत्यांचे संकेतांक वेगळे असतात आणि मेमरी स्टिकवरची नोंद त्या संकेतांकाच्या नावानेच साठते. म्हणून एका देशाच्या चकतीवर खेळलेला खेळ दुसऱ्या देशाच्या चकतीवर पुढे सुरू होत नाही.


प्रश्न : हे सगळे मोबाइलवर 'पीपीएसएसपीपी'मध्ये चालते, मग यंत्र कशाला?
— त्याच तिलक नगरातले दुसरे वाचक

उत्तर : चालते, आणि बऱ्याचदा मूळ यंत्रापेक्षा स्वच्छ दिसते. २०१२ पासून उपलब्ध असलेले हे अनुकरणी सॉफ्टवेअर २०२४ मध्ये ॲपलच्या दुकानातही आले. पण सॉफ्टवेअर विनामूल्य आहे म्हणून खेळही विनामूल्य होत नाही. कुठून तरी उतरवून घेतलेली नक्कल या स्तंभातून मी सुचवणार नाही. वर सांगितलेले 'सेव्हडेटा' फोल्डर मात्र त्यात जसेच्या तसे चालते.

एवढे असूनही डिसिडियासाठी मी यंत्रच काढतो. तिच्यात सुरुवातीलाच आठवड्यातला एक वार निवडायचा असतो, आणि त्या वारी खेळले की वाढीव बक्षिसे मिळतात. मी शनिवार निवडला होता. बॅटरी पूर्ण उतरून यंत्र काही दिवस पडून राहिले, की तारीख पुसली जाते आणि सुरू करताच ते नवी तारीख मागते. घाईत चुकीचे वर्ष टाकले, तर शनिवारी सकाळी चहा घेऊन बसलेल्या माणसाला यंत्र शांतपणे सांगते की आज मंगळवार आहे.